एका टेपमधली दोन माणसं

मायकल जॅक्सन मुंबईत आला तेव्हा मी नववीत होतो. ठाण्याच्या चरईतल्या आमच्या चाळीत त्याचं एकही गाणं कुणाला धड येत नव्हतं, पण ते पाय मागे घसरवत चालायचं मात्र सगळ्या पोरांना यायचं, म्हणजे येतं असं आम्हाला वाटायचं. मोरीबाहेरच्या शहाबादी फरशीवर साबणाचं पाणी सांडायचं आणि मोजे घालून मागे मागे सरकायचं. त्यात एकाचा पुढचा दात गेला, तो अजून भेटला की जॅक्सनच्या नावाने शिव्या घालतो.

१ नोव्हेंबर १९९६, अंधेरीचं क्रीडा संकुल. ठाण्यातून बघायला गेलेला एकही माणूस मला माहीत नाही, तिकिटाची किंमत ऐकूनच लोकं हसायची. पण चर्चा इतकी की जणू तलावपाळीवरच नाचणार आहे. ठाणं म्हणजे शिवसेनेचं गाव, १९६७ साली पहिली सत्ता इथेच आलेली, आणि जॅक्सनला आणणारी शिव उद्योग सेना, पुढे राज ठाकरे, हेतू मराठी पोरांना रोजगार. त्यामुळे नाक्यावर पंचाईत झालेली. कालपर्यंत पाश्चात्त्य संस्कृतीच्या नावाने बोटं मोडणारी तीच माणसं आज सांगत होती की अरे तो कलाकार आहे, कलाकाराला धर्म नसतो, देश नसतो. विमानतळावर सोनाली बेंद्रेने नऊवारी नेसून त्याला ओवाळलं तो फोटो आमच्या वाण्याने कापून गल्ल्याच्या मागे लावला होता, तो सोनालीसाठी लावला होता हे उघड आहे. सरकारने कार्यक्रमाचा करमणूक कर माफ केला, त्यावर मुंबई ग्राहक पंचायत कोर्टात गेली, आणि गंमत म्हणजे ते तीन कोटींच्या वरचं प्रकरण रखडत रखडत २०२१ च्या जानेवारीत मंत्रिमंडळापुढे येऊन मिटलं. म्हणजे माणूस मरून अकरा वर्षं झाली तरी त्याचा कर जिवंत होता.

तो मातोश्रीवर गेला आणि तिथला संडास वापरला ही बातमी तर तुम्हाला आठवत असेलच, खुद्द बाळासाहेबांनीच पत्रकारांना कौतुकाने सांगितली होती. आमच्याकडे अठरा बिऱ्हाडांत चार संडास, त्यातला एक कायम तुंबलेला, त्यामुळे या बातमीकडे आम्ही फार गांभीर्याने बघितलं. रांगेत टमरेल घेऊन उभे असलेले एक आजोबा म्हणाले, त्याला रांग लावायला लागली नसेल, मोठा माणूस.

पण मला त्या दिवसांतलं खरं आठवतं ते वेगळंच. गॅलरीत पुरुषमंडळी बसलेली, विषय जॅक्सनच्या रंगाचा. पैसा आहे म्हणून कातडी सोलून घेतली, गोरा व्हायला ऑपरेशन केलं, स्वतःच्या जातीची लाज वाटते म्हणे, असं काय काय चाललेलं. आमच्यापासून दोन खोल्या सोडून एक ताई राहायची, तिशीची असेल, लग्न झालेलं नव्हतं. मे महिन्यातसुद्धा मनगटापर्यंत बाह्यांचा ब्लाउज घालायची. तिला कोड होतं, मानेवर आणि दोन्ही हातांवर. चाळीत हा शब्द कुणी मोठ्याने उच्चारायचं नाही, 'तिला ते आहे ना' असं म्हणायचे. ती दारात बसून तांदूळ निवडत होती आणि मान वर न करता म्हणाली, "कोड असेल त्याला. असं एकदम नाही होत, आधी ठिपके येतात." गॅलरी दोन मिनिटं गप्प झाली आणि मग कुणीतरी क्रिकेटचा विषय काढला.

जॅक्सनने हेच १९९३ च्या फेब्रुवारीत ओप्रा विन्फ्रीला कॅमेऱ्यासमोर सांगितलं होतं, की मला त्वचेचा आजार आहे, माझ्या हातात नाहीये ते. करोडो लोकांनी ते लाइव्ह बघितलं आणि तरी विश्वास ठेवायचा नाही तो नाहीच ठेवला. २००९ मध्ये तो गेल्यावर शवविच्छेदनाच्या अहवालात व्हिटिलिगो, म्हणजे आपलं कोडच, लिहून आलं. ताईचं तोपर्यंत लग्न होऊन ती नालासोपाऱ्याला गेली होती. तिने ती बातमी वाचली असेल का असं मला फार वाटायचं.

आता मूळ विषयावर येतो, नाहीतर मी चाळीतच अडकून पडायचो.

बी.कॉम.ला एटीकेटी लागल्यावर मी एका लोकल केबल चॅनलवर एडिटर म्हणून चिकटलो. एडिटर म्हणजे फार काही समजू नका, वागळे इस्टेटच्या एका गाळ्यात दोन कॉम्प्युटर, एक एसी जो मशीनसाठी होता आमच्यासाठी नव्हता, आणि दिवसाला अर्धा तास बातम्या. पाणी नाही, गटार फुटलं, नगरसेवकाच्या हस्ते उद्घाटन. आणि पैसे कुठून यायचे, तर 'परिचय फिल्म' मधून. अमक्यांचा वाढदिवस, तमक्यांची एकसष्टी, निवडणुकीआधी इच्छुक उमेदवाराचं कार्य. पाच-दहा लोकांचे बाईट, म्हणजे कॅमेऱ्यासमोरचं दोन-दोन वाक्यं बोलणं, दोन देवळं, एक म्हातारी जिच्या डोक्यावर साहेब हात ठेवतात, खाली बासरी. मी अशा किती कापल्या असतील त्याची मोजदाद नाही.

२००३ मध्ये आमच्या कॅमेरामनने कुठूनतरी एक सीडी आणली. मार्टिन बशीर नावाच्या ब्रिटिश पत्रकाराने जॅक्सनवर केलेली डॉक्युमेंटरी, 'लिव्हिंग विथ मायकल जॅक्सन'. ३ फेब्रुवारीला इंग्लंडमध्ये दाखवली, तीन दिवसांनी अमेरिकेत. आठ महिने हा बशीर त्याच्या मागे मागे होता, ओळख करून दिली होती उरी गेलरने, तोच तो चमचे वाकवणारा. आम्ही शिफ्ट संपल्यावर वडापाव आणून ती बघायला बसलो, म्हटलं शिकायला मिळेल, आपण पण प्रोफाइलच करतो की.

शिकायला मिळालं खरं. त्यात जॅक्सन नेव्हरलँड नावाच्या स्वतःच्या जागेतल्या लाडक्या झाडावर चढतो, अगदी पोरासारखा, आणि बशीरला पण चढ म्हणतो. लास वेगासच्या दुकानात जाऊन हे दे ते दे करत लाखोंच्या वस्तू बोटाने दाखवतो, जसं आपण भाजीवाल्याला पालक दाखवतो. बाप बेल्ट घेऊन कसा मारायचा, नाकावरून कसा चिडवायचा हे सांगताना चेहरा झाकून रडतो. आणि बर्लिनच्या हॉटेलच्या बाल्कनीतून स्वतःचं तान्हं पोर बाहेर धरलं होतं त्यावर विचारलं की म्हणतो, मी घट्ट धरलं होतं. नंतर त्याच बाळाला मांडीवर घेऊन दूध पाजतो, बाळाच्या तोंडावर हिरवं फडकं आणि ह्याचा गुडघा शिलाई मशीनसारखा हलतोय. आमचा कॅमेरामन दोन पोरांचा बाप, तो एकदम ओरडला, अरे मान सांभाळ त्याची.

आणि मग तो भाग ज्याच्यामुळे सगळं रामायण झालं. कॅन्सरमधून उठलेला एक मुलगा शेजारी बसलेला, जॅक्सनचा हात धरून, आणि जॅक्सन सांगतो की मुलांना आपला बिछाना द्यायचा यात प्रेम आहे, वाईट काय आहे. गाळ्यात आम्ही चौघं होतो, कुणी काही बोललं नाही, वडापावचा कागद कुणीतरी उगाच चुरगळत बसलं. हे मला आधीच सांगून टाकायचंय, कारण पुढे मी एडिटिंगबद्दल लिहिणार आहे आणि कुणी म्हणेल की हा सगळं कात्रीवर ढकलतोय. नाही. ती वाक्यं त्याच्याच तोंडची होती, ती कुणी जोडून तयार केली नव्हती, आणि ती ऐकून पोटात जे झालं ते आजही होतं.

पण आमच्यासारख्या कापाकापी करणाऱ्यांचे कान दुसरीकडेच असतात. माझं लक्ष जात होतं बशीरच्या व्हीओकडे, म्हणजे मागून येणाऱ्या आवाजाकडे. समोर बसलेला बशीर मऊ, समजूतदार, मान डोलावणारा. मागून बोलणारा बशीर वेगळाच, काळजीत पडलेला, हळूहळू फास आवळणारा. तो मागचा आवाज नंतर लिहिलेला असतो हो. समोर माणूस नसतो, चहा असतो, टाइमलाइन असते, आणि आता हिरो करायचा की व्हिलन ते ठरलेलं असतं.

पुढची गंमत अशी की बशीर शूट करत असताना जॅक्सनने स्वतःचा एक कॅमेरामन पण उभा ठेवलेला. तो बशीरला पण शूट करत होता. डॉक्युमेंटरीने बोंबाबोंब झाल्यावर जॅक्सनच्या लोकांनी ती टेप काढली आणि त्याच महिन्यात, २० फेब्रुवारीला, फॉक्स या अमेरिकन चॅनलवर उत्तर म्हणून दुसरा कार्यक्रम आला. त्यात काय, तर हाच बशीर जॅक्सनला सांगतोय की तुझं मुलांशी नातं इतकं सुंदर आहे की मला रडू येतं. त्याच भेटी, तेच आठ महिने, तोच सोफा. एका कटमध्ये जॅक्सन भीतीदायक आणि बशीर सत्यशोधक. दुसऱ्या कटमध्ये जॅक्सन भोळा आणि बशीर दुतोंडी. आणि लक्षात घ्या, दुसरा कट पण कुणीतरी कापलेलाच होता, जॅक्सनच्या पैशाने, त्यातही मागे आवाज होता आणि तोही कुठेतरी चहा पीत लिहिलेला.

त्या कॅन्सरमधून उठलेल्या मुलाच्या तक्रारीवरून जॅक्सनवर लैंगिक अत्याचाराचा खटला उभा राहिला, कॅलिफोर्नियात सांता मारिया गावात. २००५ मध्ये बशीरची डॉक्युमेंटरी अख्खी कोर्टात लावली, साक्षीदारांत पहिला स्वतः बशीर. बचाव पक्षाने मग न दाखवलेलं फुटेज लावलं. म्हणजे त्या बारा ज्युरींना दोन्ही कट बघायला लागले, जगात फार थोड्या प्रेक्षकांवर ही वेळ आली असेल. १३ जूनला निकाल, सगळ्या आरोपांतून निर्दोष. माझ्या ओळखीतल्या निम्म्या लोकांनी म्हटलं बघा, आणि निम्म्यांनी म्हटलं पैसा बोलतो. २०१९ मध्ये 'लीव्हिंग नेव्हरलँड' ही डॉक्युमेंटरी आली, त्यात दोन मोठ्या झालेल्या माणसांनी लहानपणी जॅक्सनने केलेल्या अत्याचाराबद्दल सांगितलं, जॅक्सनच्या मागे त्याची मालमत्ता सांभाळणाऱ्यांनी ते साफ नाकारलं, आणि पुन्हा तेच निम्मे निम्मे. त्या दोघांपैकी एकजण २००५ मध्ये जॅक्सनच्या बाजूने साक्ष देऊन गेलेला होता. ते बघताना मला माझं सगळं एडिटिंगचं ज्ञान बाजूला ठेवावंसं वाटलं, कारण माणूस बोलता बोलता थांबतो तेव्हा त्या थांबण्याचं काय करायचं हे कुठल्याच सॉफ्टवेअरमध्ये नसतं.

आणि बशीर? त्याचं नाव ज्याने झालं ती प्रिन्सेस डायनाची मुलाखत, १९९५ ची, बीबीसीवरची. 'या लग्नात आम्ही तिघं होतो' वाली. जॅक्सनने याला दार उघडलं त्यामागे हीच पुण्याई. तर २०२१ च्या मे मध्ये लॉर्ड डायसन नावाच्या निवृत्त न्यायाधीशांचा अहवाल आला, की त्या मुलाखतीपर्यंत पोचायला बशीरने बँकेची खोटी स्टेटमेंटं बनवून घेतली होती आणि ती डायनाच्या भावाला दाखवून विश्वास मिळवला होता. पंचवीस वर्षं ज्या मुलाखतीचे गोडवे गायले तिच्या पायाशी खोटे कागद. लॉकडाऊन चालू होता, मी घरी बसून लग्नाच्या व्हिडिओचे जुने पैसे मागत होतो लोकांकडे, आणि ही बातमी वाचून हसायलाच आलं. दुसऱ्याच्या चेहऱ्यामागचा चेहरा दाखवून देणारा माणूस, आणि त्याचा स्वतःचा.

पण ते हसू फार वेळ टिकलं नाही, कारण मला अण्णांची टेप आठवली.

अण्णा म्हणजे माझे मोठे काका, रेल्वेतून रिटायर. उथळसरला राहायचे. त्यांच्याबद्दल बाहेर कुणालाही विचारा. कुणाच्या पोराची फी भरली, कुणाला रात्री अडीचला सिव्हिलला नेलं, मयताला पहिला माणूस अण्णा, मडकं आणण्यापासून दाखला काढण्यापर्यंत सगळं. मीही खोटं बोलणार नाही, माझी एटीकेटीची फी त्यांनीच भरली होती आणि बाबांना सांगितलं नव्हतं. आणि घरात? आमटीत मीठ कमी पडलं की ताट भिंतीवर. त्या भिंतीवर हळदीचा एक पिवळा डाग होता, रंग मारला तरी पावसाळ्यात वर यायचा. काकूंना अकरा वर्षं माहेरी जाऊ दिलं नव्हतं, कशावरून तर कुठल्यातरी लग्नात मानपान झाला नाही. काकू बाहेर कधी बोलल्या नाहीत आणि आम्ही पोरं सुट्टीत राहायला गेलो की जेवताना आधी अण्णांचा घास बघायचो.

२००६ मध्ये अण्णांची पंचाहत्तरी. घंटाळीजवळ हॉल घेतला, दोनशे माणसं, आणि फिल्म अर्थातच माझ्याकडे. घरचंच काम म्हणून फुकट, पण मी मन लावून केली. चौदा लोकांचे बाईट घेतले, भाजीवाला, मुख्याध्यापक, एक नर्स, सगळे भरभरून बोलले, अगदी खरं बोलले. शेवटी काकूंचा घ्यायचा होता. स्वयंपाकघराच्या दाराशी खुर्ची टाकली, लाइट लावला, हिरवी काठपदराची साडी नेसून त्या बसल्या. मी कॅमेऱ्यामागून विचारलं, "काकू, पन्नास वर्षं झाली, अण्णांबद्दल काय सांगाल?"

काकूंनी माझ्याकडे बघितलं. मग भिंतीकडे बघितलं. मग पदराचं टोक बोटाला गुंडाळलं, सोडलं, परत गुंडाळलं. बाहेर कुकरची शिट्टी झाली, ती त्यांनी मनात मोजली असं मला स्पष्ट दिसलं. मग म्हणाल्या, "चांगलेच आहेत. सगळ्यांसाठी करतात."

एडिटला बसलो तेव्हा टाइमकोड बघितला, प्रश्न संपल्यापासून उत्तरापर्यंत १४ सेकंद. टीव्हीवर चौदा सेकंद म्हणजे किती असतात हे बाहेरच्याला नाही कळणार, तेवढ्यात माणूस उठून पाणी पिऊन येतो. मी दोनदा बघितलं. तिसऱ्यांदा बघताना माझं बोट नको तिथे जायला लागलं. म्हणजे मला कळत होतं की ही चौदा सेकंद अशीच ठेवली, बासरी काढली, कुकरची शिट्टी ठेवली आणि भिंतीचा एक क्लोजअप टाकला, तर आधीच्या चौदा जणांचं सगळं बोलणं उलटं होतं, एकही शब्द खोटा न टाकता. आणि नाही ठेवली तर अण्णा देवमाणूस, तेही एकही शब्द खोटा न टाकता. वागळे इस्टेटच्या त्या गाळ्यात रात्री अकरा वाजता माझ्या हातात काका होते आणि मला फक्त एक कट मारायचा होता.

मारला. प्रश्न काढून टाकला, चौदा सेकंद काढली, उत्तराचा आवाज आधी घेऊन त्यावर दोघांचा माथेरानचा जुना फोटो टाकला, आणि मग काकूंचा चेहरा. एकदम गोड झालं. हॉलमध्ये टाळ्या पडल्या, अण्णांनी चष्मा काढून डोळे पुसले, आणि खरं सांगतो, ते रडले ते खोटं नव्हतं. नंतर बाजूला घेऊन माझ्या खिशात पाचशेची नोट कोंबली. दुसऱ्याच दिवशी चहा गार झाला म्हणून कपबशी फुटल्याचं चुलतभावाने सांगितलं.

मला त्या कटबद्दल लोकं काय म्हणतील ते पाठ आहे. पंचाहत्तरीला काय भिंतीवरचा डाग दाखवायचा असतो का, काकूंनाच किती लाज वाटली असती. पटतं मला ते. पण मी तेव्हा काकूंचा विचार करून तो कट मारला नव्हता. मी दोनशे माणसांचा, टाळ्यांचा आणि भरलेल्या फीचा विचार केला होता. म्हणून बशीरवर हसताना घशात अडकतं. त्याने एका टोकाला कापलं, मी दुसऱ्या.

अण्णा २०१४ मध्ये गेले. मयताला इतकी गर्दी की रस्ता अडला, रिक्षावाल्यांनी त्या दिवशी पैसे घेतले नाहीत. काकू आता चुलतभावाकडे घोडबंदरला असतात, चौदाव्या मजल्यावर, खिडकीतून येऊरचं जंगल दिसतं आणि भिंती सगळ्या पांढऱ्या. ब्याऐंशी वर्षांच्या आहेत, कान कमी झालेत, डोळे अजून धड आहेत. दर वर्षी अण्णांच्या तिथीला जेवणं झाली की चुलतभाऊ ती फिल्म टीव्हीवर लावतो, पेनड्राइव्हवर घेऊन ठेवलीय. नातवंडं मोबाइलमध्ये, आम्ही मोठे सोफ्यावर सुस्त, आणि काकू अगदी जवळ खुर्ची ओढून बघतात.

ह्या वर्षी मी त्यांच्या शेजारीच बसलो होतो. भाजीवाला झाला, मुख्याध्यापक झाले, नर्स झाली. माथेरानचा फोटो आला, मागून आवाज, चांगलेच आहेत, सगळ्यांसाठी करतात, मग हिरव्या साडीतल्या काकू. फिल्म पुढे सरकली. काकू माझ्याकडे वळल्या, त्यांना वाटलं हळू बोलतायत पण सगळ्या खोलीला ऐकू आलं.

"मी इतकं पटकन बोलले होते होय रे?"

चुलतभावाने रिमोट उचलला. मी म्हटलं, काकू, चहा टाकू का. त्या म्हणाल्या टाक, साखर कमी. ती मिनी डीव्ही टेप माझ्या कपाटात आहे, बुटांच्या खोक्यात, वर मार्करने लिहिलंय 'काकू – रॉ'. चालवायला आता कॅमेरा नाही माझ्याकडे, पण गोखले रोडला एकजण अजून जुन्या टेपा कॉपी करून देतो म्हणतात.